उताराची काठी

आमच्या घरी बाभळीची एक काठी आहे.
चूल अडली तरी तिला हात लावला नाही,
साप निघाला तेव्हाही नाही.
तिच्यावर एकशे अकरा खाचा,
सगळ्या घोगरवाडीच्या, एकाच सालातल्या.

कचरू आजा नाव चालवायचा
तेव्हा पाण्याला दोन काठ होते.
इकडून खोकलं की तिकडचं कुत्रं भुंकायचं.
पलीकडची माणसं रोख देत नसत.
सुगीला खळ्यावर जायचं, काठी पुढं ठेवायची,
एका खाचेला एक ओंजळ जोंधळा.
बाळंतीण उतरवली तर खाच नाही.
प्रेत उतरवलं तर नाही.
वरात असली तर दोन.

मग धरणवाल्यांनी दगडांना चुना फासला.
आजीला वाटलं, जत्रेची तयारी.
तीन पावसाळ्यांत पाणी चुन्याला टेकलं
आणि थांबलं.
उभी राहिलेली गंगा आम्ही कधी पाहिली नव्हती.
घोगरवाडी ट्रकांत बसून गेली
ऐन हुरड्यात,
खळी व्हायच्या आधी.

महिनाभर आजानं नाव तशीच लावून ठेवली.
हाक पलीकडून येते.
पलीकडच नव्हतं.

पाण्याचं नावही बदललं, फुगवटा झालं.
फुगलेल्याचा भरवसा धरू नये, आजी म्हणायची,
भाकरी सोडून.

बाप, मुंजाजी, जाळं शिकला.
उतरवणाऱ्याच्या पोराला
धरायला शिकताना वेळ लागला.
वाम, मरळ, शिंगाडा, टोपलीत नावं तरी वेगवेगळी असायची.
पुढं ठेका निघाला, कागद आला,
आणि कुठून तरी चिलापी आली.
आता टोपलीभर एकच नाव.

पाणी मागं सरकतं तशी माणसं त्याच्या मागं चालतात.
गाळपेऱ्यात हरभरा, गाळपेऱ्यात कांदा,
पहाटे जो आधी दोरी लावेल त्याचा तुकडा,
आणि आषाढात पुन्हा कुणाचाच नाही.
रात्रभर मोटारी घुरघुरतात.
ऊस पितो, आम्ही जागे राहतो.

रोहित पक्षी उतरले तेव्हा कुणी लक्ष दिलं नव्हतं.
लांब नळीचे कॅमेरे उतरले तेव्हा
माझ्या भाच्यानं, सुखदेवनं, नारिंगी जाकिटं आणली.
माणशी दोनशे. मोबाइलवर चालतात.

गेल्या वैशाखात काळीपिवळीतून एक म्हातारी उतरली,
डोक्यावर खताच्या गोणीचं गाठोडं.
पक्षी बघायचे नव्हते.
"घोगरवाडीला सोड," म्हणाली.
सुखदेवनं माझ्याकडं बघितलं.
बाईनं वल्हं धरू नये असं म्हणणारे सगळे
एव्हाना मेलेले होते. मी धरलं.

मध्यावर आलो तशी ती एकदम ओरडली,
"उजवीकडं घे! चिंच आहे इथं, नाव अडकंल."
खाली तीस फूट पाणी.
मी उजवीकडं घेतली.

परत आल्यावर तिनं गाठोडं सोडलं.
दगडी ज्वारी, पांढरीफेक.
"सासरा मरताना बोलला होता, भोयाचं राहिलंय.
किती, ते बोलायच्या आत गेला."
मी घरातून काठी आणली.
ती ओंजळ भरायची, मी खाचेवर अंगठा ठेवायची.
मध्येच म्हणाली, "ह्यातल्या दोन माझ्या वरातीच्या."
कुठल्या दोन, ते दोघींनाही कळेना.
नव्वदला गोणी झटकली.

सुखदेवनं विचारलं, "स्कॅनर दाखवू का?"
तिला ऐकू कमी येत होतं, बरं झालं.

"एकवीस राहिल्या," मी म्हटलं.
"आजची मार की," ती म्हणाली.
पन्नास वर्षांची वाळली बाभूळ,
विळा दोनदा घसरला.
तिसऱ्यांदा बसला.
बावीस.